डांगाणातला हातसडीचा काळभात: घ्यावा का, ओळखावा कसा, शिजवावा कसा

आधी नावाचा घोळ मिटवू. काळभात म्हणजे काळा तांदूळ नव्हे, तो भाताचा एक सुवासिक वाण आहे. अहिल्यानगर (पूर्वीच्या अहमदनगर) जिल्ह्यातल्या अकोले तालुक्याच्या पश्चिमेला, राजूरच्या पुढे डोंगरात, म्हणजे डांगाणात, टरफलासकटच्या धान्याला 'भात' म्हणतात, टरफल निघालं की तो 'तांदूळ' आणि शिजला की पुन्हा 'भात'. काळभातात काळं असतं ते फक्त टरफल. कणसं पिकायला लागली की खाचर काळपट दिसतं, पण कांडून सुपात पडतो तो मळकट पांढरा, किंचित पिवळसर झाक असलेला लहान दाणा. मणिपूरचा चाक-हाओ वेगळा. त्याचा दाणाच जांभळट काळा असतो आणि शिजवताना पाणीही जांभळं होतं. हे दोन तांदूळ एकाच नावाखाली विकणारे बरेच आहेत, काही अजाणता आणि काही जाणूनबुजून. पाकिटातला सोललेला दाणाच काळा दिसला तर तो काळभात नाही, तिथेच विषय संपला.

तांदूळ घ्यावा का? घ्यावा. मऊ, सुवासिक, ताटात जरा चिकटून बसणारा भात ज्यांना आवडतो, लहान मुलांना किंवा म्हाताऱ्या माणसांना पेज-भात ज्या घरात रोज लागतो, त्यांनी तर जरूर घ्यावा. मोकळा, लांब शिताचा भात हवा असेल तर घेऊ नये, पैसे वाया जातील. आणि घ्यायचा असेल तर कुणाकडून आणि कोणत्या महिन्यात घेता यावर सगळं अवलंबून आहे. कारण हा तांदूळ शेतात बहुधा चांगलाच असतो. तो बिघडतो खळ्यापासून पाकिटापर्यंतच्या प्रवासात.

हा सगळा मुलूख डांगाण. इथली गुरं डांगी. त्यांची कातडी तेलकट असते, त्यामुळे कोसळत्या पावसातही ती चिखलात उभी राहून औत ओढतात. उत्तरेला १६४६ मीटरचं कळसूबाई, दक्षिणेला हरिश्चंद्रगड, मध्ये रतनगड आणि त्याच्या कुशीतून निघणारी प्रवरा. घाटमाथ्यावरच्या घाटघर-रतनवाडीला पाऊस चार-पाच हजार मिलिमीटर पडतो, आणि तिथून पूर्वेला अकोले शहराकडे उतरत आलं की तो झपाट्याने कमी होतो. प्रवरेवर भंडारदऱ्याचं धरण बांधायला १९१० साली सुरुवात झाली आणि १९२६ साली ते पूर्ण झालं. त्याचं पाणी कालव्यांनी खाली गेलं, तिथे ऊस उभा राहिला, साखर कारखाने उभे राहिले. वरच्या खाचरांना मात्र आजही आभाळाचंच पाणी. त्यामुळे इथलं भात वर्षातून एकदा, पावसाच्या भरवशावर आणि खाचराच्या बांधावर अवलंबून असतं. हे सांगायचं कारण, पाकिटावरचा भाव पाहून ज्यांना तांदूळ महाग वाटतो त्यांनी हे गणित डोळ्यांसमोर ठेवावं. बागाईत भागातल्या तांदळाशी त्याची तुलनाच होत नाही.

काळभात गरवा आहे. भाताच्या जाती हळव्या, निमगरव्या आणि गरव्या अशा ओळखल्या जातात. हळवी लवकर निसवते, तिला कमी पाणी पुरतं, म्हणून ती उताराच्या वरच्या खाचरात जाते. गरवी उशिरा येते, म्हणून तिला खाली, पाणी धरून ठेवणारं खाचर लागतं. काळभाताला पेरणीपासून कापणीपर्यंत पाच महिन्यांच्या आसपास लागतात, म्हणजे जूनमध्ये पेरलेलं नोव्हेंबरात हाती येतं. उशिरा येण्याचा एक फायदा असा की दाणा भरताना रात्री थंड झालेल्या असतात. सुवासिक तांदळाचा वास थंडीत पिकलेल्या दाण्यात टिकतो, उष्णतेत पिकलेल्यात उडतो. हेच बियाणं सपाटीवर, गरम हवेत लावलं तर काळं टरफल तसंच येतं, पण वास तसा येत नाही. म्हणून नुसतं 'काळभात' असं लिहिलेलं पाहून थांबू नका, कोणत्या गावचा आहे तेही विचारा.

बियाण्याचंही विचारा. १९८७ साली वडगाव मावळच्या भात संशोधन केंद्रातून इंद्रायणी आला. आंबेमोहोर १५७ आणि आयआर ८ यांच्या संकरातून तयार झालेला हा वाण हेक्टरी ४०-४५ क्विंटल देतो, बुटका असल्यामुळे लोळत नाही, आणि वासही बरा. डोंगरातल्या शेतकऱ्याने तो उचलला यात नवल नाही. काळभाताचं उत्पन्न त्याच्या निम्म्यावर येतं. काळभात, जिरवेल, रायभोग, वरंगळ, कोळपी ही नावं त्यामुळे बांधाबांधावरून कमी होत गेली. ती पूर्ण पुसली गेली नाहीत, कारण काही बायकांनी गाडग्या-मडक्यांत मूठमूठ बी जपून ठेवलं. त्यातल्या कोंभाळण्याच्या राहीबाई पोपेरे यांचं नाव देशभर झालं. 'बीजमाता' म्हणून ओळखल्या जाणाऱ्या राहीबाईंना २०२० साली पद्मश्री जाहीर झाली. त्यांच्या घरच्या बियाणे बँकेत मातीच्या लिंपणातल्या मडक्यांत हे वाण आजही आहेत, आणि बी घेऊन जाणाऱ्याने हंगामानंतर जास्तीचं बी परत करायचं ही तिथली रीत आहे. तांदूळ विकणाऱ्या ज्या गटाला आपलं बी कुठून आलं हे सांगता येतं, त्यांच्या पाकिटात भेसळ कमी सापडते.

भेसळ होते ती कशी, हे नीट समजून घेण्यासारखं आहे. भाताचं परागीकरण बहुतेक स्वतःचं स्वतःत होतं, त्यामुळे शेजारच्या खाचरातल्या इंद्रायणीने काळभात बाटतो ही भीती फारशी खरी नाही. बाटतो तो खळ्यावर. एकाच खळ्यात सकाळी इंद्रायणी झोडला आणि दुपारी काळभात आणला, मधे खळं झाडलं नाही, की मिसळण झाली. एकाच पोत्याच्या तळाशी राहिलेले दाणे, गिरणीच्या खोक्यात अडकलेले आधीच्या गिऱ्हाइकाचे दाणे, असंच. शेतकऱ्याला भेसळ ओळखणं सोपं असतं, कारण काळ्या कणसांत पिवळं कणीस लांबून दिसतं आणि ते उपटून टाकता येतं. गिऱ्हाइकापर्यंत मात्र टरफल पोहोचतच नाही, म्हणजे शुद्धतेची खूणच निघून गेलेली असते. यावर सोपा उपाय म्हणजे विकणाऱ्याकडे मूठभर न कांडलेलं भात मागायचं. ज्यांच्याकडे खरा काळभात आहे त्यांच्या घरात ते असतंच. ते घ्या, नखाने चार दाणे सोला आणि पाकिटातल्या तांदळाशेजारी ठेवा. लांबी, जाडी, झाक जुळली पाहिजे. शंभर दाणे मोजून ताटलीत पसरले आणि त्यात चार-पाच वेगळ्या ठेवणीचे निघाले तर चालण्यासारखं आहे, वीस निघाले तर तो मिसळीचा तांदूळ समजावा आणि त्याच भावाने मागावा.

आता 'हातसडी' या शब्दाकडे येऊ, कारण सगळ्यात जास्त गैरवापर याच शब्दाचा होतो. हाताने सडलेला तांदूळ म्हणजे भात आधी जात्यात भरडायचं, पाखडून तूस काढायचं, मग उखळात मुसळाने कांडायचं, पुन्हा पाखडायचं, कोंडा आणि कणी वेगळी करायची. या कामाला वेळ किती लागतो याची कल्पना एकदा मुसळ हातात घेतल्याशिवाय येत नाही. आज बहुतेक पाकिटांत जो तांदूळ येतो तो हाताने सडलेला नसतो. तो लहान गिरणीत रबरी रोलरमधून काढलेला बिनपॉलिश तांदूळ असतो. यात वाईट काही नाही. दोन रोलर वेगवेगळ्या वेगाने फिरतात, टरफल सोलून निघतं, कोंड्याचा थर जवळजवळ तसाच राहतो, तूटही कमी होते. वाईट असतं ते जुन्या हलरवर काढून 'हातसडी' म्हणून विकणं. हलरमध्ये टरफल काढणं आणि घासणं एकाच वेळी होतं, दाणा तापतो, तुटतो आणि कोंडा बराचसा निघून जातो. तापला की वासही गेला.

तळहातावर दहा-पंधरा दाणे घेऊन उजेडात बघितलं तर हे तिन्ही ओळखता येतात. हाताने सडलेल्यात एकसारखेपणा नसतो. एका दाण्यावर कोंड्याची तांबूस रेघ राहिलेली असते, दुसरा जवळजवळ पांढरा, मधेच एखादा न सोललेला काळा दाणाही सापडतो. रोलरच्या तांदळात सगळे दाणे सारखेच मातकट दिसतात. हलरच्या किंवा पॉलिशच्या तांदळात दाण्याच्या एका टोकाला खाच दिसते, कारण तिथला अंकुर घासून निघून गेलेला असतो. पहिल्या दोन प्रकारांत तो अंकुर, फिकट पिवळा ठिपका, जागेवर असतो. एवढं एक पाहिलं तरी पुरे. पाकिटात दोन-चार काळे दाणे सापडले म्हणून तक्रार करू नका. काळभाताच्या बाबतीत तीच खरेपणाची सही आहे.

हिशोबही सांगून ठेवतो. शंभर किलो भातातून तूस साधारण वीस किलो जातं, म्हणजे नुसतं सोललं तर ७८-८० किलो तांदूळ मिळतो. पॉलिश केलं तर कोंड्याचे आणखी आठ-दहा किलो जातात आणि कणी वेगळी निघते. पॉलिश न करणाऱ्याला शंभर किलोमागे तांदूळ जास्त मिळतो, तरी हातसडी महाग का, असा प्रश्न वाजवी आहे. उत्तर कांडणाऱ्या हातांच्या मजुरीत आणि एकरी कमी उत्पन्नात आहे. इंद्रायणीच्या दीडपट ते दुप्पट भाव मिळाला तरच काळभात लावणं परवडतं. त्याहून फार स्वस्त मिळत असेल तर पाकिटात दुसरं काही आहे किंवा कुणाला तरी मजुरी मिळालेली नाही.

या भागात धान्याच्या भावाचा प्रश्न नवा नाही. इथल्या देवगावचे राघोजी भांगरे १८४४-४५ मध्ये उठले ते इंग्रजांबरोबरच सावकारांविरुद्धही. कर्जात अडकलेल्या महादेव कोळी कुटुंबांच्या जमिनी आणि पीक दोन्ही सावकाराच्या हातात जात होतं. २ मे १८४८ ला ठाण्याच्या तुरुंगात राघोजींना फाशी दिलं. आज सावकाराच्या जागी गावात येणारा व्यापारी असतो. नोव्हेंबर-डिसेंबरात, घरात पैशाची निकड असताना, तो काळभात आणि जाड भात एकाच भावाने, मिसळून, टरफलासकट उचलतो. तिथेच वाणाचं नाव पुसलं जातं. म्हणून बचत गटाकडून, शेतकऱ्यांच्या गटाकडून किंवा थेट घरातून घेतलेल्या तांदळाला जास्त गुण द्यावेसे वाटतात. त्यात नाव टिकतं आणि पैसे गावात राहतात.

चवीचं बोलायचं तर आधी वासाबद्दल. कच्च्या काळभाताला वास असतो, पण मंद. पिशवी उघडल्याबरोबर खोलीभर घमघमाट सुटला तर सावध व्हा. काही ठिकाणी साध्या बारीक तांदळाला सुगंध लावून विकतात. ते ओळखायला एक मूठ तांदूळ कोमट पाण्यात चोळून धुवावा. लावलेला वास पहिल्या पाण्याबरोबर जातो, दाण्यातला वास पाणी तापून वाफ यायला लागली की उलट वाढतो. खऱ्या काळभाताचा वास झाकण उघडताना कळतो, आणि जेवताना पहिल्या चार घासांत. आंबेमोहोराच्या वासात आंब्याच्या मोहोराची गोडसर छटा असते, काळभाताचा त्याहून गंभीर, भाजलेल्या धान्याकडे झुकणारा. जिरवेल चणीने आणखी बारीक, आणि शिजल्यावर जरा मोकळा. रोजच्या वरणभाताला जिरवेल, खिरीला आणि दूधभाताला काळभात, अशी आमची पसंती.

आंबेमोहोराचा उल्लेख आला म्हणून एक गोष्ट. मुळशीच्या आंबेमोहोराला आणि आजऱ्याच्या घनसाळला भौगोलिक मानांकन आहे. तरी बाजारात आंबेमोहोर या नावाने परराज्यातला, दिसायला तसाच बारीक तांदूळ सर्रास विकला जातो. मानांकनाने नाव राखता येतं, पण दुकानदाराच्या पोत्यावर नजर ठेवायचं काम गिऱ्हाइकालाच करावं लागतं. काळभात अजून त्या मानाने लहान बाजारात आहे, त्यामुळे सध्या तरी चार प्रश्न विचारून खरा माल मिळू शकतो.

आता शिजवणं. अर्ध्याहून अधिक तक्रारी इथेच जन्माला येतात. 'कच्चा राहिला', 'लगदा झाला', 'पोटाला जड पडला' या तिन्हींचं मूळ एकच, ते म्हणजे पॉलिशच्या तांदळाचं माप हातसडीला लावणं.

चार माणसांना दोन वाट्या, म्हणजे साधारण पाव किलो तांदूळ. आधी ताटात पसरून निवडून घ्या. रस्त्यावर वाळवलेल्या भातात बारीक खडे येतात, ते दाण्याच्या रंगात मिसळून जातात आणि धुताना कळत नाहीत. मग दोनदाच, हलक्या हाताने धुवा. चोळून चार-पाच पाण्यांनी धुतलं तर ज्या कोंड्यासाठी पैसे मोजले तोच मोरीत जातो. नंतर अर्धा तास भिजत ठेवा, तांदूळ जुना असेल तर पाऊण तास. भिजवणं टाळू नका. कोंड्याचा थर पाणी हळू आत सोडतो, न भिजवता शिजवलं तर बाहेरून मऊ आणि आत कणी राहते, आणि पोटाला जड पडतो तो असाच भात.

पातेल्यात करायचा असेल तर जाड बुडाचं पातेलं घ्या. दोन वाटी तांदळाला साडेचार ते पाच वाट्या पाणी. आधण चांगलं खळखळलं की त्यात भिजलेला तांदूळ वैरायचा, चिमूटभर मीठ, अर्धा चमचा तूप. पुन्हा उकळी येईपर्यंत आच मोठी, मग मध्यम. पाणी दाण्याच्या पातळीला आलं की झाकण ठेवून आच अगदी बारीक करा आणि बारा-पंधरा मिनिटं हात लावू नका. आच बंद केल्यावर आणखी दहा मिनिटं झाकूनच ठेवा. सारखं ढवळलं की हा तांदूळ चिकी सोडतो आणि बुडाला लागतो. वासासाठी पातेलंच चांगलं. कुकरमध्ये करायचा तर दोन वाट्यांना सव्वाचार ते साडेचार वाट्या पाणी, तीन शिट्ट्या, मग दहा मिनिटं मंद आच, आणि वाफ आपोआप जिरू द्यायची.

पाण्याचं माप महिन्याप्रमाणे बदलतं. डिसेंबर-जानेवारीत आलेला नवा तांदूळ जास्त चिकट होतो, त्याला अर्धी वाटी पाणी कमी घाला. मार्च-एप्रिलपर्यंत भाताच्या रूपात मुरलेला आणि मग कांडलेला तांदूळ सगळ्यात उत्तम. चिकटपणा कमी झालेला असतो आणि वास जागेवर असतो. पहिल्यांदा घेताना एक किलोच घ्या, दोन वेगवेगळ्या मापांनी करून बघा, मग वर्षाचा विचार करा.

कशाबरोबर खावा? साधं वरण, तूप, लिंबू. मेतकूट-तूप. दूधभात. डांगाणातली पद्धत म्हणाल तर खुरासणीची चटणी, उडदाचं किंवा हुलग्याचं पातळ कालवण, पावसाळ्यात रानभाजी. बिर्याणी, पुलाव, फोडणीचा भात यांत हा तांदूळ घालू नका. मसाला त्याचा वास झाकून टाकतो आणि त्याची चिकी मसाल्याला गोळा करते. कणी स्वस्तात मिळाली तर सोडू नका. एक वाटी कणीला आठ वाट्या पाणी घालून केलेली पेज आजारातून उठलेल्या माणसाला यासारखी दुसरी नाही. खिरीला एक लिटर दुधात पन्नास-साठ ग्रॅम कणी पुरते. कणी वीस मिनिटं भिजवून तुपावर परतायची, दुधात मंद शिजवायची, आणि गूळ घालायचा तर खाली उतरवून, किंचित निवल्यावर. उकळत्या दुधात गूळ टाकला की दूध फाटतं.

एक गोष्ट मोकळेपणाने सांगायला हवी. डांगाणात हा रोजचा तांदूळ कधीच नव्हता. रोजच्या ताटात नागलीची भाकरी, वरई, जाड भात. आवणीच्या दिवसांत गुडघाभर चिखलात वाकून दिवसभर रोपं लावणाऱ्या बायकांच्या शिदोरीत नागली असते, काळभात नसतो. काळभात सणाला, पाहुण्याला, बाळंतिणीला. सह्याद्रीच्या या पट्ट्यात धान्याला कणसरी माता म्हणतात, तिची पूजा झाल्याशिवाय नवं धान्य तोंडात घालत नाहीत. वाघबारशीला गुराखी वाघोबाच्या ठाण्यापाशी जमून नैवेद्य करतात, कारण गुरं रानात आणि वाघ-बिबट्याही रानात. बोहाड्याच्या रात्री लाकडाचे, कागदाचे मुखवटे चढवून देव नाचतात. पाकिटाच्या मागे छापलेल्या चार ओळींच्या माहितीत यातलं काही येत नाही, 'पारंपरिक', 'नैसर्गिक' एवढे दोन शब्द येतात. त्यापेक्षा गावाचं नाव, वाणाचं नाव आणि कांडल्याची तारीख छापली असती तर जास्त उपयोग झाला असता.

'नैसर्गिक' या शब्दाबद्दलही जपून. इथे रोपं तयार करायला राब भाजतात. फेब्रुवारी ते एप्रिलमध्ये रोपवाटिकेच्या जागेवर शेण, त्यावर झाडाचे टहाळे, पालापाचोळा, गवत, वरून मातीचा पातळ थर, असं रचून वाऱ्याच्या उलट दिशेने हळूहळू धुमसत ठेवतात. तणाचं बी जळतं, राख मिळते, रोप जोमाने येतं. यावर वाद जुना आहे. सह्याद्रीपलीकडच्या ठाणे आणि कुलाबा (आजचा रायगड) जिल्ह्यांतल्या जंगलांसाठी १८८५ साली नेमलेल्या बॉम्बे फॉरेस्ट कमिशनपुढेही राबासाठी टहाळे तोडण्याचा हक्क हा कळीचा मुद्दा होता. सरकारला जंगल वाचवायचं होतं, शेतकऱ्याला रोप. आज काही शेतकरी टहाळ्यांऐवजी भाताच्या तुसाची राख रोपवाटिकेत घालतात आणि खाचरात गिरिपुष्पाचा पाला गाडतात. जंगलाच्या दृष्टीने हे चांगलं आहे, आणि अशा शेतकऱ्याच्या तांदळाला दोन पैसे जास्त द्यायला हरकत नाही. युरिया मात्र काळभाताला सोसत नाही. उंच वाढणारं रोप नत्र जास्त झालं की लोळतं. लोळलेल्या भातावर परतीचा पाऊस पडला की दाणा भिजतो, वाळतो, त्याला आतून तडे जातात आणि कांडताना त्याची कणी होते. पाकिटात तुकडे फार दिसले तर एक कारण हे असू शकतं. दुसरं कारण म्हणजे सिमेंटवर भर उन्हात घाईने वाळवणं.

आरोग्याचे दावे थोडक्यात निकालात काढू. कोंडा आणि अंकुर असल्यामुळे तंतू, ब जीवनसत्त्वं आणि खनिजं पॉलिशपेक्षा जास्त, हे खरं. 'शुगर फ्री', 'मधुमेहावर उपाय' हे खोटं. शंभर ग्रॅम कोरड्या तांदळात पंचाहत्तर ग्रॅमच्या आसपास पिष्ट असतंच, मग तो कुठल्याही गावचा असो. असा दावा छापलेलं पाकीट खाली ठेवा, कारण जो आरोग्याबद्दल खोटं छापतो तो वाणाबद्दलही छापू शकतो. पाकिटावर अन्न सुरक्षा नोंदणीचा चौदा अंकी क्रमांक, वजन आणि भरल्याची तारीख असायला हवी. घरातून सुटा घेत असाल तर कांडला कधी ते विचारा.

मिळतो कुठे? राजूरच्या बाजारात, भंडारदरा-रतनवाडीच्या वाटेवरच्या घरांत, अकोले शहरातल्या गटांकडे. पुण्याच्या भीमथडी जत्रेत आणि मुंबईच्या महालक्ष्मी सरसमध्ये बचत गटांच्या मांडणीवरही हातसडीचे सुवासिक तांदूळ असतात. प्रदर्शनात घेताना शेवटच्या दिवसाची घाई करू नका, पहिल्या-दुसऱ्या दिवशी अर्धा किलो घ्या, घरी शिजवा आणि मग पुन्हा जा. घरपोच मागवताना एकदम दहा किलो मागवण्यापेक्षा दर दीड-दोन महिन्यांनी ताजा कांडून पाठवणारा गट मिळतो का ते बघा. असा गट सापडला तर तो धरून ठेवा.

कारण साठवण हीच या तांदळाची खरी दुखरी बाजू. कोंड्यात तेल असतं. भात टरफलात आहे तोवर ते शांत असतं, टरफल निघालं की हवेशी गाठ पडते आणि उन्हाळ्यात दोन-तीन महिन्यांत तांदूळ खवट लागायला लागतो. जुन्या घरांत म्हणूनच शेणाने लिंपलेल्या कणगीत भात ठेवायचे आणि लागेल तसं पंधरा दिवसांचं कांडायचे. शहरात कणगी नसली तरी नियम तोच. थोडा घ्या, हवाबंद डब्यात ठेवा, जागा असेल तर फ्रिजमध्ये, तिथे सहा महिने टिकतो. आणल्याबरोबर पिशवी तीन-चार दिवस फ्रीजरमध्ये ठेवली तर सोंड्यांची आणि पतंगांची अंडी मरतात, पण बाहेर काढल्यावर पिशवी खोलीच्या तापमानाला येईपर्यंत उघडू नका, नाहीतर दाण्यावर पाणी सुटतं आणि बुरशी येते. उन्हात वाळवणं नको, त्याने दाणा तडकतो आणि वास उडतो. कडुलिंबाचा पाला घालायचा तर कडकडीत वाळलेला, फडक्यात बांधून. वर्षभराचा साठा करायचाच असेल तर गटाकडून टरफलासकटचं भात घ्या, जवळपास रबरी रोलरची गिरणी शोधा आणि महिन्याला लागेल तेवढंच काढून आणा. आधीच्या गिऱ्हाइकाचा माल आपल्यात येऊ नये म्हणून गिरणीवाल्याला पहिले दोन किलो वेगळे काढायला सांगा, आणि तूस टाकून देऊ नका, कुंडीच्या मातीत ते उत्तम मिसळतं.